भाजल्या पावाची कुळकथा

भूमध्य समुद्राच्या काठच्या देशांत मुख्य जेवणाआधी पाहुण्यापुढे जे हलके खाद्य ठेवतात, त्यांत भाजलेल्या पावाच्या कापांना मानाचे स्थान आहे. कृती इतकी साधी की तिला पाककृती म्हणावे की नाही, असा प्रश्न पडावा. जाड सालीच्या पावाचे बोटभर जाडीचे काप निखाऱ्यांवर दोन्ही अंगांनी भाजावयाचे; ते गरम असतानाच लसणाची सोललेली पाकळी त्यांवर घासावयाची आणि वरून ऑलिव्हचे तेल सोडावयाचे. मग मीठ लावून पाणी निथळू दिलेल्या टोमॅटोच्या फोडी, भाजून सोललेले वांगे किंवा भोपळी मिरची आणि सर्वांवर चीजचा पातळ काप ठेवून, चीज मऊ होईपर्यंत ऊब द्यावयाची. भाजी फार आधी घातली तर पाव भिजतो आणि त्याचा कुरकुरीतपणा जातो. म्हणून ती आयत्या वेळी घालावयाची. तंत्र म्हणावे ते एवढेच.

हा पदार्थ पाहिला की तो त्या भूमीत अनादी काळापासून चालत आला असावा, असे वाटते. परंतु त्या एवढ्याशा कापावर जे जे एकत्र आले आहे, त्याची एकेकाची कुळकथा शोधू लागले म्हणजे निराळेच चित्र दिसते. त्यांतील काही वस्तू परदेशच्या, काही गरिबांच्या म्हणून हिणवलेल्या, तर काही परधर्मीयांच्या म्हणून दूर ठेवलेल्या होत्या. कोणते अन्न कोणाचे, या प्रश्नापायी माणसांना काय काय सोसावे लागले, याचा इतिहास आपल्या गोमंतकाच्याही परिचयाचा आहे. म्हणूनच हा विषय केवळ जिभेचा नव्हे.

प्रथम पावाचा विचार करू. गरिबाघरी पाव रोज भाजला जात नसे. आठवड्याचा पाव एकदम भाजून ठेवीत. तो शिळा होऊन कडक झाला की टाकून देणे पाप वाटे. तेव्हा विस्तवावर शेकून, तेलाने मऊ करून तो खाण्याची युक्ती निघाली. इटलीत या कापांना 'ब्रुस्केत्ता' म्हणतात. निखाऱ्यावर भाजणे या अर्थाच्या रोमकडच्या बोलीतील क्रियापदापासून तो शब्द आला. तोस्काना प्रांतात त्यालाच 'फेत्तुंता', म्हणजे तेल लावलेला काप, असे नाव आहे. शरदाच्या अखेरीस ऑलिव्हचे नवे तेल घाण्यावर निघू लागले की त्याची चव घेण्यासाठी असा काप तेलात माखून खातात. आपल्याकडे नव्या भाताचे पोहे जसे कौतुकाने खाल्ले जातात, तसाच हा नव्या तेलाचा सोहळा.

पावाचा ताटासारखा उपयोग करण्याची चाल तर फारच जुनी. व्हर्जिलच्या 'एनीड' महाकाव्याच्या सातव्या सर्गात ट्रॉयहून आलेले भुकेले निर्वासित रानफळे रोटीवर ठेवून खातात आणि शेवटी खालची रोटीही खाऊन टाकतात. आपण आपली मेजेच खाल्ली, असे नायकाचा मुलगा विनोदाने म्हणतो आणि एका जुन्या भाकिताची त्यातून पूर्तता होते. भटकंती संपून नवी भूमी लाभल्याची ती खूण ठरते.

चीजचे स्थानही तितकेच प्राचीन. पूर्वी व्हर्जिलच्याच नावावर मोडत असलेले 'मोरेतुम' नावाचे एक छोटे लॅटिन काव्य आहे. त्यातील शेतकरी पहाटे उठतो, जात्यावर धान्य दळतो, दळता दळता गावरान गाणी म्हणतो आणि रोटी भाजतो. मग लसूण, चीज, कोथिंबीर व इतर पाला, मीठ, तेल आणि शिरका यांचा खलात गोळा करून तो रोटीशी खातो. ओव्या गात पहाटे दळणाऱ्या आपल्या आजीपणजीला हा मनुष्य परका वाटला नसता. रोमन लेखक केटो याने इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात लिहिलेल्या शेतीविषयक ग्रंथात 'लिबुम' या पदार्थाची कृती आहे: दोन भाग चीज, एक भाग पीठ आणि एक अंडे मळून, पानांवर ठेवून, झाकणाखाली सावकाश भाजावयाचे. हा पदार्थ देवतांना अर्पण होत असे. त्यात अंडे असले तरी त्याला त्यांचा नैवेद्यच म्हणावयास हरकत नाही.

येथे आपल्या वाचकांच्या मनात एक रास्त शंका येईल. चीज करताना दूध साकळविण्यासाठी जे द्रव्य घालतात, ते रेनेट परंपरेने वासराच्या, कोकराच्या किंवा करडाच्या जठरातून काढतात. इटलीच्या सुप्रसिद्ध पार्मेसान चीजला आजही वासराचेच रेनेट वापरण्याचा नियम आहे. परंतु वनस्पतींनी दूध साकळविण्याची परंपराही तितकीच जुनी आहे. होमरच्या 'इलियड'मध्ये अंजिराच्या चिकाने दूध घट्ट होण्याची उपमा आली आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील कोलुमेला हा ग्रंथकार जनावराच्या रेनेटबरोबरच रानटी काटेरी झाडाचे फूल आणि अंजिराचा चीक यांचाही उल्लेख करतो. पोर्तुगालच्या सेरा दा एश्त्रेला डोंगरातले प्रसिद्ध चीज आजही मेंढीचे दूध, मीठ आणि 'कार्दू' नावाच्या काटेरी झाडाची जांभळी फुले एवढ्यावरच तयार होते. आज सूक्ष्मजीवांपासून मिळविलेले रेनेटही सर्रास वापरतात आणि आपल्या देशात वेष्टनावरील हिरव्या ठिपक्यावरून शाकाहारी पदार्थ ओळखता येतो. सारांश, ज्याला आचार सांभाळावयाचा आहे त्याने तो डोळसपणे सांभाळावा. एका नावाखाली सारेच त्याज्य किंवा सारेच ग्राह्य ठरविण्याचे कारण नाही.

आता भाज्यांकडे वळू. वांगे हे मूळचे आपल्या बाजूचे. संस्कृत 'वातिंगण' इराणात 'बादिंगान' झाले, अरबांनी त्याचे 'बादिंजान' केले आणि त्यांच्याबरोबर हे फळ मध्ययुगात सिसिली व स्पेनमध्ये पोचले. पोर्तुगीजांनी त्याला 'बेरिंजेला' म्हटले आणि त्यावरूनच हिंदुस्थानातील इंग्रजांचा 'ब्रिंजल' शब्द निघाला. नाव असे जग फिरून पुन्हा घरी आले! इटलीत मात्र त्याचे स्वागत थंडे झाले. 'मेलान्झाना' या नावाची फोड लोक 'वेडसर फळ' अशी करीत. पेल्लेग्रीनो आर्तूझी याने १८९१ साली प्रसिद्ध केलेल्या पाकशास्त्राच्या पुस्तकात नोंदविले आहे की, चाळीस वर्षांपूर्वी फ्लॉरेन्सच्या बाजारात वांगी क्वचितच दिसत, कारण ते ज्यूंचे हीन अन्न समजले जाई. चवीचा दोष नव्हता. खाणाऱ्यांचा तिरस्कार फळाला चिकटला होता.

टोमॅटो तर त्याहून नवा. तो अमेरिकेतून सोळाव्या शतकात युरोपात आला. मात्तिओली या वैद्याने १५४४ साली त्याचे वर्णन केले, तरी पुष्कळ काळ तो बागेतली नवलाई म्हणूनच राहिला. टोमॅटोच्या चटणीची इटलीतील पहिली छापील कृती नेपल्सच्या आंतोनियो लातीनीच्या ग्रंथात, सतराव्या शतकाच्या अखेरीस, 'स्पॅनिश पद्धतीची' म्हणून आली. भोपळी मिरचीही अमेरिकेचीच. म्हणजे आज ज्याला आपण अस्सल भूमध्यसागरी चव म्हणतो, तिचा लाल रंग तिकडे रुजून फार शतके झालेली नाहीत.

अन्नावरून माणूस ओळखण्याची ही वृत्ती बाजारापुरतीच राहिली असती तर फारसे बिघडले नसते. पण ती न्यायासनावर बसली. स्पेनमध्ये १४८० पासून काम करू लागलेल्या इन्क्विझिशनपुढे बाटलेल्या ज्यूंच्या स्वयंपाकघरांची झडती होत असे. डुकराच्या चरबीऐवजी ऑलिव्ह तेलात अन्न शिजविणे हाही गुप्त धर्माचा पुरावा मानला जाई. आज पावावर कौतुकाने सोडतात ते तेल एके काळी कित्येकांना तुरुंगाची वाट दाखवून गेले आहे!

तीच संस्था १५६० साली गोव्यात आली आणि १८१२ साली कायमची बंद झाली. १७३६ च्या तिच्या जाहीरनाम्यात नवख्रिस्त्यांना मना केलेल्या चालींत अंगणातील तुळस होती, तसाच बिनमिठाचा भात शिजवून मागाहून मीठ घेण्याचा हिंदू रिवाजही होता. अ. का. प्रियोळकरांनी १९६१ साली इंग्रजीत प्रसिद्ध केलेल्या 'द गोवा इन्क्विझिशन' या ग्रंथात हा जाहीरनामा वाचावयास मिळतो. मिठाचा खडा पातेल्यात केव्हा पडला, यावरून मनुष्याची श्रद्धा मोजली गेली.

आणि पाव? तो शब्दही पोर्तुगीजच, आणि तो भाजणारा 'पोदेर' हाही. पीठ फुगविण्यासाठी माडाची सूर घालीत, म्हणून आचारनिष्ठ घरांत तो वर्ज्य होता. विहिरीत पाव टाकून गावेच्या गावे बाटविल्याची कथा कोकणात घरोघर सांगितली जाते. तिचा प्रत्येक तपशील इतिहासाच्या कसोटीस उतरो वा न उतरो. तिच्यातील दुःख खरे आहे. एकीकडून सत्तेने माणूस ओढून नेला आणि दुसरीकडून त्याच्याच भावंडांनी एका घासासाठी दार लावून घेतले. सोळाव्या शतकात देव पाठीवर घेऊन जे अंत्रुजात गेले आणि जे मागे साष्टीत राहिले, ते एकाच घरचे होते, हे विसरून चालणार नाही.

पुढे मुंबईत १८४९ च्या सुमारास दादोबा पांडुरंग व त्यांच्या सहकाऱ्यांनी स्थापिलेल्या परमहंस सभेत प्रवेश करणाऱ्यास ख्रिस्ती माणसाने भाजलेला पाव खावा लागे. जातिभेद मानीत नसल्याची ती परीक्षा होती. पण ती गुप्तपणे होई, आणि १८६० साली सभासदांची नावे बाहेर फुटताच सभा मोडली. एका पावाच्या तुकड्याचे भय एवढे मोठे होते.

आज त्या भयाचे काय उरले? बटाटा, शेंगदाणा आणि ज्याच्यापासून साबुदाणा होतो तो कंद, हे तिन्ही अमेरिकेहून आलेले. तरी एकादशीच्या फराळात ते निःशंकपणे बसले आहेत. चातुर्मासात मात्र पुष्कळ घरी आपले जुने वांगे वर्ज्य असते. कांदेनवमीला त्याचा निरोप घेतला जातो. यात उपहास करण्यासारखे काही नाही. व्रत हा स्वतःच्या जिभेवरचा संयम आहे आणि तो मनुष्य स्वेच्छेने पत्करतो. दुसऱ्याच्या ताटावरून त्याची योग्यता ठरविणे ही मात्र निराळीच गोष्ट. पहिलीतून पावित्र्य येते. दुसरीतून इन्क्विझिशन आले, आणि आपल्या घरांतले बहिष्कारही आले. ज्याला रुचेल त्याने हा भाजका काप करून पाहावा, लसूण चालत नसेल तर वगळावा, चीजच्या वेष्टनावरील खूण पाहून घ्यावी. ज्याला नको असेल त्याने खुशाल दूर सारावा. पण तो खाणाऱ्याला दूर सारू नये, एवढे या इतिहासाने शिकविले तरी पुरे.