भावे, सुमित्रा

भावे, सुमित्रा : (१२ जानेवारी १९४३ – १९ एप्रिल २०२१). मराठी पटकथाकार, दिग्दर्शक आणि निर्मात्या. जन्म व निधन पुणे येथे. मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत शिक्षण घेऊन त्यांनी पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत अध्यापन केले. झोपडपट्टीतील स्त्रियांच्या जगण्याचा अभ्यास करताना, ज्यांच्याविषयी अहवाल लिहायचा त्यांनाच तो वाचता येत नाही, ही गोष्ट त्यांना अस्वस्थ करत होती. हा अभ्यास त्या बायकांपर्यंत परत पोचावा म्हणून त्या चित्रपटाकडे वळल्या. आठ दलित स्त्रियांच्या आत्मकथनांवर आधारलेले त्यांचे ‘पॅन ऑन फायर’ हे इंग्रजी पुस्तक १९८८ मध्ये प्रसिद्ध झाले.

‘बाई’ (१९८५) हा त्यांचा पहिला लघुपट. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. सुनील सुकथनकर यांच्यासह ‘विचित्र निर्मिती’ या संस्थेतर्फे त्यांनी अनेक लघुपट, मालिका व चित्रपट केले. दिग्दर्शन बहुधा दोघांचे, कथा-पटकथा भाव्यांची आणि गीते सुकथनकरांची, अशी ही जोडी साडेतीन दशके टिकली. त्यांचे चित्रपट व्यावसायिक निर्मात्यांच्या भांडवलावर क्वचितच उभे राहिले. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ, सामाजिक संस्था, डॉ. मोहन आगाशे यांच्यासारखे कलावंत-निर्माते अशा वेगवेगळ्या ठिकाणांहून त्यांनी पैसा उभारला, पण संहितेवरची आपली पकड सोडली नाही.

‘दोघी’त (१९९५) दुष्काळी गावातले घर जगवण्यासाठी शहरात पाठवलेली थोरली बहीण घरी परतल्यावर तिला नाकारले जाते. ‘वास्तुपुरुष’मध्ये (२००२) कूळकायद्यानंतर ओसरत चाललेले जमीनदार ब्राह्मण घराणे आहे. वाड्याचा अभिमान आणि त्यातला अन्याय यांच्याकडे लेखिका एकाच वेळी ममतेने व कठोरपणे पाहते. ‘देवराई’त (२००४) स्किझोफ्रेनिया, ‘नितळ’मध्ये (२००६) कोड, ‘एक कप च्या’मध्ये (२००९) माहितीचा अधिकार आणि ‘अस्तु’मध्ये स्मृतिभ्रंश हे विषय येतात. मात्र यांतली माणसे विषयाची उदाहरणे होत नाहीत. प्रत्येकाला घर, बोली, नाती आणि श्रद्धा आहेत. ‘अस्तु’तला संस्कृत पंडित सारे विसरतो, तेव्हा हत्ती घेऊन फिरणाऱ्या कुटुंबातील बाई त्याला मायेने सांभाळते. जात आणि विद्वत्ता यांपलीकडचे माणूसपण इथे कोणत्याही भाषणाविना उभे राहते.

‘अस्तु’च्या संवादांसाठी भाव्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नैराश्यावरच्या ‘कासव’ला २०१६ चा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सुवर्णकमळ पुरस्कार लाभला. ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’ आणि ‘कोर्ट’ यांच्यानंतर हा मान मिळवणारा तो पाचवा मराठी चित्रपट ठरला. दि. बा. मोकाशी यांच्या कथेवरील ‘दिठी’ हा त्यांचा अखेरचा चित्रपट. मुलगा गमावलेल्या वारकरी लोहाराचे दुःख आणि अडलेल्या गायीची सुटका त्यात एकमेकांत गुंफली आहे. समाजशास्त्रीय अभ्यासाची शिस्त आणि कथाकाराची करुणा यांचा इतका सातत्यपूर्ण मेळ मराठी चित्रपटसृष्टीत दुर्मीळ आहे.