पुसणारी बाई

अंकुशनगरला कारखान्याचा भोंगा वाजतो. उसाची गाडी कुरकुरत पुढं सरकते, आणि मळीचा आंबूस वास घशापर्यंत उतरतो. डोळे मिटा. आता उघडा.

कारखाना गेला. तुमच्या शर्टाचा खिसाही गेला, चाचपू नका. अंगावर एक धोतर, खांद्यावर पंचा, तळपायांना चटका देणारी धूळ. हे वऱ्हाडातलं रिद्धपूर. देवगिरीवर यादवांचं राज्य आहे, पण त्याची इथं कुणाला फारशी पडलेली नाही. गोवऱ्यांचा धूर डोळ्यांत जातो, कुठंतरी गूळ कढतोय, तव्यावर धिरडं चरचरतंय. तिखट मागाल तर मिरी मिळेल. मिरची अजून समुद्रापलीकडं अमेरिकेतच आहे. या मुलखात तिकडून पुढं बरंच काही यायचंय. मिरची आधी, एक बाई बरीच नंतर.

गर्दी एका म्हाताऱ्याभोवती आहे. गोविंदप्रभू. गावासाठी ते राउळ, माय आणि बाप दोन्ही. मध्येच हसतात, मध्येच शिवी घालतात, कुणाच्याही घरात शिरतात. आज त्यांनी लग्नाचा हट्ट धरलाय. नवरी कोण, ते मात्र कुणाला पुसू नका. त्यांचे भक्त म्हाइंभट लग्नाच्या सामानासाठी धावताहेत. हळदीचा उग्र वास, पोरांचा गिल्ला, शेजारच्याचं कोपर तुमच्या बरगडीत.

लोक बोलतात ती मराठीच, तरी तुम्ही अडखळता. काही शब्द कानावरून नुसते घसरतात. अशा वेळी उपयोगी पडेल असा एक जाडजूड कोश आहे: जुन्या मराठीचा, शं. गो. तुळपुळे आणि अ‍ॅन फेल्डहाउस यांनी केलेला. फेल्डहाउस अमेरिकेतल्या, अ‍ॅरिझोनात शिकवलेल्या. याच राउळांच्या रिद्धपुरातल्या लीळा, म्हणजे आठवणी, त्यांनी इंग्रजीत नेल्या. ते पुस्तक 1984चं. गंमत अशी की कोशात शब्द आपल्या पणजीच्या पणजीचे आणि अर्थ इंग्रजीत. पणजीचं बोलणं समजून घ्यायला ॲरिझोनाचा वळसा. मला याची लाज वाटत नाही, थोडा हेवा वाटतो. इतकं कान देऊन आपण त्या पोथ्या ऐकल्या असत्या तर!

पण कोश सारखा उघडू नका. 'पुसलं' म्हणजे विचारलं, हे पुण्याच्या पोराला सांगावं लागेल, तुम्हाला नाही. तुमची आजी अजूनही तसंच म्हणते.

गलका एकदम बसतो. एक वयस्क बाई पुढं येते. कपाळ मोकळं, हात मोकळे. ही महदाइसा, महानुभाव पंथाच्या नागदेवाचार्यांची चुलत बहीण. पंथाचे संस्थापक चक्रधर यांना प्रश्न विचारून विचारून हिनं भंडावलं होतं. त्यांच्या कितीतरी लीळा हिच्या प्रश्नानंच सुरू होतात. ही विधवा आहे. आपल्याकडं अशा बाईनं बोहल्याकडं फिरकायचं नाही, हळदीला हात लावायचा नाही, दारामागून बघायचं. आज तीच लग्नाची गाणी म्हणणार आहे.

आवाज थोडा फाटका, पण श्वास लांब. कृष्णरुक्मिणीचं लग्न ती ओवीओवीनं उभं करते. शेजारची बाई मान डोलावते, तिच्या कडेवरचं लेकरू तुमचा पंचा ओढतं. घाम मानेवरून पाठीत उतरतो. तुम्हाला सगळे शब्द कळत नाहीत, तरी मध्येच रुक्मिणीची धाकधूक तुमच्या छातीत सुरू होते. राउळ आधी हसतात, मग लहान पोरासारखे गप्प ऐकत बसतात.

या गाण्यांना लोक धवळे म्हणतील आणि हिला मराठीची आद्य कवयित्री. तिला यातलं काही ठाऊक नाही. गाणं थांबतं तेव्हा तिला फक्त तहान लागलेली असते. ती पाण्याचा तांब्या तोंडाला लावते, ओठ पदरानं पुसते, आणि तिची नजर तुमच्या अवघडल्या चेहऱ्यावर थांबते. गाव कोणतं, असं पुसते.

"गोदेकाठचा," तुम्ही म्हणता. तिचे डोळे चमकतात. तीही तिकडचीच.

गोदेकाठी कुठला?

"अंकुशनगर."

तिच्या कपाळाला आठी पडते. ती पुन्हा पुसते.