दामदुप्पट ते वीस वर्षांचा हप्ता

'दामदुप्पट' हा शब्द आज वर्तमानपत्रात दिसला की समजायचे, कुठेतरी कुणीतरी फसले आहे. अमुक महिन्यांत पैसे दुप्पट करून देतो म्हणणारा गाशा गुंडाळून पळाला आहे. या शब्दाचे नशीब विचित्र आहे, कारण मुळात दामदुप्पट हा कर्जदाराच्या बचावाचा नियम होता. सावकाराने कितीही वर्षे व्याज चढवले तरी एका वेळी वसूल करताना थकलेले व्याज मुद्दलाच्या वर जाता कामा नये. शंभराचे फार तर दोनशे. मनुस्मृतीसारख्या धर्मशास्त्राच्या ग्रंथांत हा नियम आहे. इंग्रज आले तेव्हा मुंबई इलाख्यात तो चांगलाच रुळलेला होता.

१८५५ साली कंपनी सरकारने व्याजावर मर्यादा घालणारे कायदे रद्द केले. उभयपक्षी ठरेल तो दर, कोर्टाने फक्त वसुलीचा हुकूम द्यायचा, असा तो जमाना होता. तरीही मुंबई हायकोर्टाने दामदुप्पट सोडला नाही. मद्रासच्या कोर्टाने गहाणाच्या व्यवहारांना तो नाकारला, मुंबईने तो गहाणालाही लावला. पण एक अट घातली. हा हिंदू कायद्याचा नियम, म्हणून कर्जदार हिंदू असेल तरच त्याचा फायदा. धनको मुसलमान असला तरी हिंदू ऋणको वाचेल. ऋणको मुसलमान असेल तर मात्र दामदुप्पट नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हे निवाड्यांतून पक्के झाले.

याचा अर्थ नीट ध्यानात घ्यावा. ज्याच्या धर्मात व्याज मुळातच हराम, ज्याच्या कुरआनात दुपटी-चौपटीने वाढत जाणाऱ्या व्याजाला खास नाव घेऊन मनाई आहे, त्याच माणसाला कोर्टाने अमर्याद व्याजाच्या हवाली केले. का, तर त्याच्या शरियतमध्ये व्याजाची कमाल मर्यादा सांगितलेली नाही! जी गोष्ट घ्यायचीच नाही तिची कमाल मर्यादा कशी सांगणार? इंग्रजी न्यायव्यवस्थेतले जे काही विनोद आहेत त्यांत याचा क्रमांक बराच वरचा लागेल.

मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो, त्यामुळे शब्दांकडे लक्ष जातेच. 'निर्व्याज प्रेम' म्हणजे काय असे विचारले तर दर वर्षी एक तरी मुलगा 'बिनव्याजी प्रेम' असे उत्तर देतो. तो तसा फार चुकत नाही. संस्कृतात 'व्याज' म्हणजे बहाणा, कपट. उलट फारसीतला 'सूद' म्हणजे फायदा, नफा. एका भाषेने देणाऱ्याच्या बाजूने नाव ठेवले, दुसरीने घेणाऱ्याच्या. आणि 'हप्ता' म्हणजे मूळचा आठवडा, फारसी 'हफ्त' म्हणजे सात यावरून आलेला. आता तो महिन्याला जातो आणि वीस वर्षे चालतो.

गिरणगावाची गोष्ट गहाणापासूनच सुरू होते. रत्नागिरी, सातारा, कोल्हापूरकडून लोक परळ-लालबागला आले, त्यांपैकी अनेकांच्या मागे गावी सावकाराकडे अडकलेली जमीन होती. १८७५ साली सुप्याला आणि मग पुणे-नगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले. त्यानंतर १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांत कोर्टाला एक मोठा अधिकार मिळाला. रोख्यावर लिहिलेला आकडा न मानता पहिल्या व्यवहारापासूनचा हिशेब उकरून पाहायचा. मूळ रक्कम किती, दिले किती, व्याज किती, व्याजावर व्याज किती. शेतकऱ्याने जाळले तो कागद होता, त्याला हवा होता तो हिशेब. हा मुद्दा पुढे पुन्हा येणार आहे.

मुंबईत मात्र गिरणी कामगाराकडे गहाण ठेवायला जमीन नव्हती आणि घरही नव्हते. दहा बाय बाराच्या खोलीत तो भाड्याने राहायचा. पगार महिना भरल्यावरही काही दिवसांनी हाती पडायचा. तोवर वाण्याची उधारी, आणि अडीनडीला पठाण. दर ठरलेला असे, रुपयाला महिन्याला एक आणा. ऐकायला किरकोळ वाटते. पण सोळा आण्यांच्या रुपयाला महिन्याला एक आणा म्हणजे वर्षाला ७५ टक्के. पगाराच्या दिवशी गिरणीच्या दारात काठी घेऊन उभा असलेला पठाण गिरणगावच्या आठवणींत हमखास येतो. तो मुसलमान होता आणि व्याज खात होता, हेही आपण आपल्या तोंडाने सांगितले पाहिजे. मदनपुऱ्यात राहून गिरण्यांच्या साच्यांवर विणणाऱ्या मोमीन कामगारांनाही कर्जाच्या बाबतीत वेगळे नशीब नव्हते.

याच शहरात दुसरा एक प्रयोग झाला, त्याची आठवण फार कमी ठेवली जाते. श्रीपाद सुब्बाराव तालमकी यांनी १९०६ मध्ये शामराव विठ्ठल यांच्या नावाने सहकारी पतसंस्था काढली आणि १९१५ मध्ये गिरगावच्या शेजारी गावदेवीला सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था उभी केली. देशातल्या अगदी सुरुवातीच्या गृहनिर्माण संस्थांपैकी ही एक. प्लेगनंतर १८९८ मध्ये स्थापन झालेला इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट तेव्हा शहर पाडून पुन्हा बांधत होता, आणि मध्यमवर्गीय माणसाला परवडेल असे भाडे मिळणे मुश्कील झाले होते. इथे कर्ज एकेका माणसाच्या डोक्यावर नव्हते, संस्थेच्या होते. सभासद भाड्यासारखी रक्कम भरत, त्यातून कर्ज फिटत जाई. व्याज होते, पण सोबत शेजारी होते. ज्यांच्याकडे सुरुवातीचा भाग भरण्याइतके भांडवल आणि शिकलेली जमात होती त्यांनाच हे जमले. लालबागच्या साचेवाल्याला ते जमणारे नव्हते.

त्याला मिळाले ते भाडेनियंत्रण. १९४७ च्या कायद्याने जुनी भाडी १९४० च्या पातळीला गोठवली. त्यातून पागडी आली. पुढे १९९९ च्या कायद्याने पागडीला मान्यताही दिली. भाडे नाममात्र आणि मालकी नाही, पण घर सुटत नाही. या व्यवस्थेने इमारतींची वाट लावली हे खरे आहे. पण दुसरीही एक गोष्ट खरी आहे. गिरगाव ते दादर या पट्ट्यात दोन-तीन पिढ्या घरासाठी एक पैसाही व्याज न देता राहिल्या. त्यामुळे गृहकर्जाचा हिशेब घरातल्या मोठ्यांकडून शिकायला मिळावा अशी सोयच आपल्याकडे राहिली नाही. आजोबांना सावकार माहीत होता, वडिलांना पागडी. मुलगा थेट बँकेत गेला.

बँकेतले हे दार उघडले हसमुखभाई पारेख यांनी. आयसीआयसीआयमधून निवृत्त झाल्यावर १९७७ साली त्यांनी एचडीएफसी काढली. पगारदार माणूस म्हातारपणी फंड मिळाल्यावर घर घेतो, ते त्याला तरुणपणीच घेता यावे ही त्यामागची कल्पना. ती चांगली होती, आणि लाखो घरे त्यामुळे झाली. मी तिच्यावर टीका करायला बसलेलो नाही. पण चांगल्या वस्तूचीही किंमत वाचता आली पाहिजे.

तर हिशेब करू. पन्नास लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के, वीस वर्षे. हप्ता सुमारे ४३,३९० रुपये. एकूण भरणा एक कोटी चार लाख. म्हणजे व्याजच ५४ लाख, मुद्दलापेक्षा जास्त. दामदुप्पट ओलांडला! इथे एक खुलासा हवा. जुन्या नियमातही हे बसले असते, कारण तो एका वेळी थकलेल्या व्याजापुरता होता. वेळच्या वेळी व्याज भरत जाणाऱ्याला त्याचे संरक्षण नव्हते. नियमाने बुडीत कर्जदाराला वाचवले, इमानदाराला नाही.

पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजाचे असतात, मुद्दलात जातात जेमतेम आठ हजार. पाच वर्षांत माणूस २६ लाख भरतो आणि कर्ज उतरते सहा लाखांपेक्षा थोडे कमी. निम्मे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. यात बँकेची काही लबाडी नाही. शिल्लक रकमेवर व्याज लागते, शिल्लक सुरुवातीला जास्त, म्हणून व्याजही जास्त. पण 'पाच वर्षे झाली, पाव कर्ज फिटले असेल' असे जे आपण धरून चालतो ते चुकीचे ठरते. नोकरी गेली, घर विकावे लागले, की हे धरून चालणे महागात पडते.

मुदतीचेही असेच. हेच कर्ज पंधरा वर्षांत फेडले तर हप्ता ४९,२०० च्या आसपास आणि व्याज साडेअडतीस लाख. तीस वर्षांवर नेले तर हप्ता ३८,४००, आणि व्याज ८८ लाख. वीस वर्षांच्या तुलनेत महिन्याला पाच हजार वाचवण्यासाठी ३४ लाख जादा. दुकानात पाच रुपयांसाठी घासाघीस करणारे आपण लोक, सही करताना मात्र फक्त हप्ता बघतो. माझ्या ओळखीच्या एका शिक्षकाला त्याच्या कर्जाची मुदत विचारली तर घरी फोन करावा लागला.

खरी गंमत बदलत्या दरांची. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडली गेली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. समजा, पन्नास लाख सात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले होते, हप्ता ३८,७६५. वर्षभराने दर साडेनऊ झाला आणि हप्ता तोच ठेवला. आता शिल्लक ४८ लाख ८१ हजार, तिचे महिन्याचे व्याज ३८,६४२. मुद्दलात जातात १२३ रुपये! या गतीने कर्ज फिटायला साठ वर्षे लागतील. अनेकांना कळलेच नाही, कारण हप्ता वाढला नव्हता. खात्यातून जाणारी रक्कम तीच, मुदत मात्र मुकाट्याने निवृत्तीच्या पलीकडे गेली. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला सांगावे लागले की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा, आणि हप्त्यातून निदान त्या महिन्याचे व्याज तरी फिटले पाहिजे. ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देतानाच सर्व खर्च धरून वार्षिक दर आणि हप्त्यांचे पूर्ण वेळापत्रक लेखी देणे बंधनकारक आहे. १८७९ च्या कोर्टाला रोख्यामागे जाऊन जो हिशेब उकरावा लागत होता, तो आता आधीच हातात येतो. फक्त तो वाचावा लागतो. बदलत्या दराचे कर्ज मुदतीआधी फेडल्यास दंड नाही, ही सवलतही २०१२ पासून आहे. सुरुवातीच्या वर्षांत जादा भरलेला एक लाख शेवटी भरलेल्या लाखापेक्षा कितीतरी मोलाचा असतो.

आता आपल्या घरातला प्रश्न. व्याज नको म्हणून कर्जच न घेणारे बरेच जण आहेत, आणि त्यांच्या ईमानाबद्दल मला आदर आहे. पण त्यांचाही हिशेब आहे. ते भाडे भरतात, दर ११ महिन्यांनी करार नव्याने करतात, आणि आमच्या नावाच्या माणसाला भाड्याचे घर मिळवताना काय ऐकावे लागते ते सांगायला नको. जमातीच्या पैशातून घर उभारण्याचा तालमकींसारखा प्रयोग आपण दक्षिण मुंबईत एवढी व्यापारी श्रीमंती असताना का केला नाही, हा प्रश्न मला व्याजाच्या मसल्यापेक्षा मोठा वाटतो. कर्ज-ए-हसनावर व्याख्याने खूप होतात. त्यावर उभी राहिलेली एक इमारत मला कुणी दाखवावी.

गिरणी कामगारांच्या घरांचेही पाहू. २०२० च्या सोडतीत ३,८९४ घरे होती, किंमत साडेनऊ लाख. मुंबईत ही किंमत म्हणजे दानच, असे लोक म्हणाले. १९८२ च्या संपात तिशीत असलेला कामगार तेव्हा सत्तरीकडे झुकलेला. त्याला कोण वीस वर्षांचे कर्ज देणार? म्हणजे कर्जाचा भार मुलावर. सगळी रक्कम साडेआठ टक्क्यांनी दहा वर्षांसाठी घेतली तर साडेनऊचे सव्वाचौदा लाख होतात. वीस वर्षांसाठी घेतली तर पावणेवीस, पुन्हा दुपटीच्या पुढे. बापाच्या घामाचे घर, आणि निम्म्याहून जास्त पैसा व्याजाचा.

१९४६ च्या सावकारी कायद्याने दामदुप्पट सगळ्या धर्मांच्या कर्जदारांना दिला, मुसलमानालाही. पण त्या कायद्यातून बँका वगळलेल्या होत्या, आणि आज घर बँकेकडेच गहाण असते. त्यातही मुंबईचा एक जुना ठसा आहे. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यात नुसते मालकीचे कागद सावकाराकडे ठेवून गहाण करण्याची सोय मोजक्या शहरांना दिली, त्यांत मुंबई होती. आज बँक आपला मूळ करारनामा ठेवून घेते ती याच पद्धतीने. हप्ते थकून ९० दिवस झाले की खाते बुडीत धरले जाते, आणि २००२ च्या कायद्यानुसार ६० दिवसांची नोटीस देऊन बँक कोर्टात दावा न लावता घराचा ताबा घेऊ शकते. कर्ज पूर्ण फिटल्यावर मात्र ते मूळ कागद ३० दिवसांत परत मिळाले पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई, असा रिझर्व्ह बँकेचा डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे. कागद देताना त्यांची यादी करून बँकेची सही-शिक्का घेतलेली प्रत घरी ठेवावी. वीस वर्षांनी ती शोधणारा माणूस कदाचित आपला मुलगा असेल.