इटलीचें मद्य आणि उरणच्या भट्ट्या

आमचे एक जुने विद्यार्थी नोकरीनिमित्त युरोपांत असतात. गेल्या मे महिन्यांत त्यांनीं टस्कनी प्रांतांतून एक लांबलचक पत्र धाडलें. आठ प्रवाशांची लहानशी तुकडी, एक मोटार, दुपार कलल्यावर फ्लॉरेन्सहून निघणें, द्राक्षमळ्यांतील एका दगडी घराच्या अंगणांत मावळत्या सूर्याकडे तोंड करून बसणें, आणि मळ्याच्या मालकिणीनें एकामागून एक पुढें केलेले चार पेले चाखून पाहणें, असा तो कार्यक्रम होता. चाखणें म्हणजे पिणें नव्हे, हें त्यांनीं आम्हांस आवर्जून कळविलें. पेला आधीं उजेडाकडे धरावयाचा, मग हुंगावयाचा, घोट जिभेवर घोळवावयाचा आणि पुष्कळदां तो शेजारच्या भांड्यांत टाकूनही द्यावयाचा. सोबत पाव, ऑलिव्हचें तेल आणि मेंढीच्या दुधाचें चीज. पत्राच्या शेवटीं प्रश्न होता : 'सर, आपल्याकडे दारू म्हटली कीं गुत्ता, मारहाण आणि खालीं गेलेली मान; येथें तीच वस्तु संस्कृति म्हणून मिरवते. हें असें कां?'

आम्ही स्वतः या वस्तूच्या वाटेस कधीं गेलों नाहीं, त्यामुळें चवीविषयीं बोलण्याचा अधिकार आम्हांस नाहीं. परंतु प्रश्न चवीचा नव्हता, इतिहासाचा होता. आणि योगायोग असा, कीं पत्र हातीं पडलें त्याच आठवड्यांत आम्ही चारपांच विद्यार्थ्यांना घेऊन करंजास गेलों होतों.

करंजा हें आज उरण तालुक्यांतील कोळ्यांचें एक बंदर म्हणून ठाऊक आहे. पलीकडे रेवस, मधें धरमतरची खाडी, आणि गांवाच्या पाठीशीं द्रोणागिरीचा डोंगर. पण जुन्या कागदपत्रांत 'करंजा' म्हणजे उरणसकट हें सबंध बेटच. गेल्या शतकापूर्वींच्या इंग्रजी दप्तरांत तें ठाणें जिल्ह्याच्या पनवेल तालुक्यांत दाखविलेलें असतें. १८८३ मध्यें तो भाग कुलाबा जिल्ह्यास जोडला गेला. सोळाव्या शतकांत पोर्तुगीजांनीं येथें ठाणें घातलें. डोंगरावर तटाचे व चर्चचे अवशेष अद्याप उभे आहेत. १७३७ ते १७३९ च्या वसई-मोहिमेंत बेट मराठ्यांकडे आलें, १७७४ मध्यें साष्टीबरोबर इंग्रजांनीं तें घेतलें, आणि १७८२ च्या सालबाईच्या तहानें तें त्यांच्याकडेच कायम झालें. एवढ्याशा भूमीसाठीं तीन सत्ता भांडल्या, याचें कारण वर चढून गेल्यावर शब्दावांचून कळतें. मुंबईच्या बंदरांत शिरणारें प्रत्येक जहाज या डोंगराच्या नजरेखालून जातें.

आम्ही वर पोंचलों तेव्हां सूर्य खांदेरी-उंदेरीकडे झुकला होता. उत्तरेस तेल आणि वायूच्या कारखान्याच्या टाक्या व धुराडीं, त्यांपलीकडे पाण्यांत घारापुरीची काळीभोर टेकडी. इटलीच्या प्रश्नाचें अर्धें उत्तर त्या टेकडीच्या पायथ्याशीं पडलेलें आहे.

घारापुरीच्या किनाऱ्यावर, मोरबंदराच्या बाजूस, दोन कानांच्या उंच मातीच्या कुंभांचीं खापरें सांपडलीं आहेत. भूमध्य समुद्राकडील लोक मद्य आणि तेल अशा कुंभांत भरून जहाजांवर लादीत. इसवी सनाच्या पहिल्या शतकांत कोणा ग्रीक भाषेंत लिहिणाऱ्या खलाशी-व्यापाऱ्यानें तांबड्या समुद्रापासून हिंदुस्थानापर्यंतच्या बंदरांची एक वही लिहून ठेविली. 'पेरिप्लस' या नांवानें ती प्रसिद्ध आहे. भडोच बंदरांत कोणता माल खपतो, याची यादी देतांना तिनें मद्याचें नांव सर्वांच्या आधीं घातलें आहे आणि त्यांतही इटलीच्या मद्यास पहिली पसंती असून लाओदिकिया व अरबस्तान येथील मद्य त्यामागून, असा खुलासा केला आहे. त्याच वहींत कल्याण आणि चौल या आपल्या बंदरांचीं नांवें येतात. कल्याणास चुकून लागलेलें ग्रीक जहाज पहाऱ्यांत भडोचला नेलें जाई, अशीही तक्रार तींत आहे. बंदराबंदरांमधील ही चुरस किती जुनी!

माल किनाऱ्यावरच थांबला नाहीं. कोल्हापुरास ब्रह्मपुरीच्या टेकडीवर १९४४ ते १९४६ च्या सुमारास जें उत्खनन झालें, त्यांत समुद्रदेव पोसायडनची वीतभर कांस्यमूर्ति आणि इटलीच्या कंपानिया प्रांतांतील घडणीचा एक कांस्याचा सुरईसारखा झारा निघाला. मद्य वाढण्याच्या कामीं असा झारा वापरीत. कार्ल्याच्या लेण्यांत खांबांवर यवन दात्यांचीं नांवें आजही वाचतां येतात. येथें एक सावधगिरी मात्र सांगितली पाहिजे. हिंदुस्थानांत 'रोमन' म्हणून नोंदलेलीं पुष्कळ खापरें अलीकडील अभ्यासांत मेसोपोटेमियाकडील निराळ्या कुंभांचीं ठरलीं आहेत. तेव्हां प्रत्येक खापरामागें इटलीचा मळा पाहणें हा उतावळेपणा होईल. पण पेरिप्लसकर्त्याचें वाक्य जागेवर आहे. ज्या द्राक्षभूमीचा पेला आमच्या विद्यार्थ्यानें पावसंबंधीं चर्चा करीत चाखला, तिच्या शेजारचें पेय सुमारें दोन हजार वर्षांपूर्वीं आपल्या पश्चिम किनाऱ्यावर मोलानें उतरत होतें, आणि तें घेणारे कोणी गुत्त्यांतले नव्हते. राजे आणि श्रीमंत सावकार होते.

आतां इटलीकडे वळूं. तेथें तरी ही वस्तु जन्मतः संस्कृति होती काय? इ. स. पूर्वीं १८६ मध्यें रोमच्या सीनेटनें मद्यदेव बाक्खसच्या उत्सवांवर कडक निर्बंध घातले आणि त्यापायीं हजारों माणसें धरलीं गेलीं. थोरल्या केटोनें शेतीवर जो ग्रंथ लिहिला, त्यांत मळ्यावरील गुलामास वर्षाकाठीं किती आणि कोणत्या प्रतीचें मद्य द्यावें याचा हिशेब आहे; तोडणीनंतरचे महिने त्यांना चोथ्यावर पाणी घालून केलेलें पाणचट पेय मिळे. मालकाचा पेला आणि राबणाऱ्याचा पेला तेव्हांपासून वेगळे आहेत.

टस्कनीची गोष्ट याहून बोधक आहे. क्यांती या मुलखाच्या सीमा तिसऱ्या कोसिमो मेदिची या ग्रँड ड्यूकनें १७१६ मध्यें फर्मान काढून आंखून दिल्या. त्या सीमेबाहेरच्या मद्यास तें नांव लावतां येऊं नये, हा हेतु. म्हणजे आधीं राज्यकर्त्यानें गांवाच्या नांवाचें रक्षण केलें. पुढें बेत्तिनो रिकासोली, जो काव्हूरनंतर इटलीचा मुख्य प्रधान झाला, त्यानें आपल्या मळ्यांत अनेक वर्षें प्रयोग करून कोणत्या जातीचीं द्राक्षें कशासाठीं मिसळावीं याचा मेळ १८७२ मध्यें एका पत्रांत लिहून ठेविला. देशाचा प्रधान मद्याचा पाठ लिहितो आणि त्यांत कोणास कांहीं वावगें वाटत नाहीं! आपल्याकडे असें दृश्य कल्पितां येणार नाहीं.

परंतु त्या रमणीय टेंकड्यांच्या उतारांवर राबत कोण होतें? अर्धेलीचीं कुळें. जमीन व घर मालकाचें, कष्ट कुळाच्या सबंध कुटुंबाचे, आणि पीक निम्मेंनिम. कुळाच्या घरांत लग्न कधीं व्हावें यांतही मालकाचा शब्द चाले. कोंकणांतल्या वाचकांस खोतीची आठवण होईल, आणि ती अगदींच अस्थानीं नाहीं. अलिबागजवळ चरीच्या शेतकऱ्यांनीं १९३३ पासून सहा वर्षें शेत पेरलें नाहीं, तें अशाच वांट्याच्या जाचापायीं. आपल्याकडे खोती १९४९ च्या कायद्यानें गेली; इटलींत अर्धेलीचे नवे करार १९६४ मध्यें बंद झाले. तोंवर कुळें शहरांतील कारखान्यांकडे निघून गेलीं होतीं आणि दगडी घरें ओस पडलीं होतीं. तींच घरें पुढें पाहुण्यांसाठीं सजविलीं गेलीं. शेतावरील पाहुणचारास १९८५ च्या कायद्यानें अधिकृत रूप आलें. दुसऱ्याच वर्षीं, १९८६ मध्यें, कांहीं लोभी व्यापाऱ्यांनीं मद्यांत मिथाइल अल्कोहोल मिसळल्यामुळें त्याच सुसंस्कृत देशांत वीसाहून अधिक माणसें मेलीं. त्या धक्क्यानें तेथील पारख कडक झाली. मावळतीचा तो शांत सोहळा, म्हणजे, फार जुना नाहीं. आमच्याहून लहानच म्हणावयाचा.

आतां डोंगराच्या पायथ्याशीं येऊं. इंग्रजी अमदानींत उरण दोन गोष्टींसाठीं प्रसिद्ध होतें : मिठागरें आणि दारूच्या भट्ट्या. मुंबई शहराला मोहाची दारू पुरविणारें मोठें ठिकाण हेंच. भट्ट्या बहुतांशीं पारशी धंदेवाल्यांच्या असत. वाळलेलीं मोहफुलें गुजराथेंतील पंचमहालांतून येत. या फुलांत वजनाच्या निम्म्याच्या आसपास साखर असते. तीं पाण्यांत भिजत घालून कांहीं दिवस आंबवावयाचीं, तो आंबोण तांब्याच्या भांड्यांत तापवावयाचा, आणि वाफ नळीवाटे थंड करून दुसऱ्या भांड्यांत उतरवावयाची. क्रिया सोपी आहे. रानांतील प्रत्येक पाड्यास ती अवगत होती.

आणि नेमका त्यावरच घाला आला. चार्ल्स प्रिचर्ड या अधिकाऱ्याच्या पुढाकारानें मुंबई इलाख्यांत १८७८ चा अबकारीचा कायदा झाला. घरोघरच्या भट्ट्या गुन्हा ठरल्या, दारू गाळण्याचें काम सरकारी पहाऱ्यांतील मोठ्या भट्ट्यांकडे एकवटलें, ताडामाडांवरील कर वाढला. एवढ्यानें भागेना, म्हणून १८९२ च्या मोहाच्या कायद्यानें ठाणें व कुलाबा जिल्ह्यांत मोहाचें फूल बाळगण्यावरच निर्बंध आले. जें फूल गरीब माणूस टंचाईच्या दिवसांत भाजून खाई, तें घरांत सांपडलें तर गुन्हा! या काळांत सरकारास दारूची चव, जात, गांव यांशीं कांहीं कर्तव्य नव्हतें. दारू मोजली जाई ती तेजावर. पंचवीस अंश उतार आणि साठ अंश उतार, अशा दोन प्रती, आणि ग्यालनमागें कर. कोसिमोनें गांवाचें नांव राखलें; प्रिचर्डनें फक्त ग्यालन मोजले. आमच्या विद्यार्थ्याच्या प्रश्नाचें उरलेलें अर्धें उत्तर येथें आहे, असें आमचें मत आहे. करंजाच्या कोळ्याची ताडी किंवा रानांतल्या वारल्याचा मोह हीं पेयें हळदीच्या रात्रीचीं, सणाचीं, देवकार्याचीं होतीं. तीं दुकानांत गेल्यावर त्यांचा सण सुटला आणि उधारी जडली.

ज्यांच्यावर हें ओढवलें ते गप्प बसले नाहींत. १९२२ च्या सुमारास पालघरच्या किनाऱ्यावरील मासेमाऱ्यांतून एका देवीचा संचार निघाला, तो गुजराथच्या रानांत जातांजातां दारूत्यागाची चळवळ झाला, आणि हजारों आदिवासींनीं गुत्त्याकडे पाठ फिरविली. पुढें १९३९ च्या ऑगस्टांत डॉ. गिल्डर यांच्या खात्यानें मुंबई शहरांत दारूबंदी आणली व बुडालेलें उत्पन्न भरून काढण्यासाठीं घरमालकांवर कर बसविला. १९४९ चा दारूबंदीचा कायदा तर अद्याप पुस्तकांत आहे. पिणाऱ्यास परवाना लागतो तो त्याचमुळें. त्याच कायद्याच्या छायेंत १९८० नंतर नारायणगांवास फेसाळ द्राक्षमद्य तयार होऊं लागलें, २००१ मध्यें राज्यानें द्राक्षमद्याच्या उद्योगास सवलतींचें धोरण जाहीर केलें, आणि आज नाशिकजवळ गंगापूर धरणाच्या पाण्याकडे पाहत, तशाच लहान तुकड्यांनीं बसून, मावळतीचे पेले चाखतां येतात. मोहाच्या वांट्यास असा गच्चीवरचा मान महाराष्ट्रांत आलेला नाहीं.

येथें आमच्या तुकडींतील एका विद्यार्थिनीनें आम्हांस अडविलें. ती उरणकडचीच. 'मोहाला मान मिळाला तर आमच्या आळींतल्या बायकांचा मार थांबेल काय?' तिनें विचारलें. या राज्यांत गांवच्या स्त्रिया मतदान करून दुकान बंद पाडूं शकतात. मतपत्रिकेवर उभी बाटली आणि आडवी बाटली अशीं दोन चित्रें असतात. तिच्या आजीनें आडव्या बाटलीसाठीं दारोदार फिरून सह्या गोळा केल्या होत्या. आमच्यापाशीं ग्रंथांतलें उत्तर होतें, तें आम्हीं दिलें : कीं चव हरवते तेथें नशा उरते, आणि नशा स्वस्त विकून तिजोरी भरणारा आधीं सरकारच होता. तिला तें पुरेसें वाटलें नाहीं. आम्हांसही, खरें बोलावयाचें तर, परततांना वाटलें नाहीं.

अंधार पडावयाच्या आंत खालीं उतरलों. देवीच्या देवळापाशीं बसलेल्या एका म्हाताऱ्या कोळ्यास भट्ट्यांविषयीं विचारलें. त्यानें उरणच्या दिशेनें हात केला आणि मुलांना सांगितलें, 'बापूस सांगायचा, वारा तिकडून आला कीं फुलांचा वास यायचा.' एवढेंच.

त्या रात्रीं आम्हीं पत्रास उत्तर लिहिलें. वरचा इतिहास थोडक्यांत कळविला आणि उलट एक प्रश्न घातला : त्या मळ्यांत द्राक्षें तोडतो कोण, आणि अंगणांतल्या त्या मेजाशीं तो कधीं बसतो काय? उत्तर पंधरा दिवसांनीं आलें. आपण गेलों तो महिना मे. तोडणी सप्टेंबरांत असते. मजूर कोणी दिसले नाहींत, मालकिणीस विचारावयाचें सुचलें नाहीं. पुढील खेपेस विचारून कळवितों.