टमाट्याचं पाणी : मोटेपासून ठिबकपर्यंत



दुपारी टमाट्याने मान टाकली की आपला हात लगेच मोटरीच्या बटणाकडे जातो. ही सवय आपल्याला कधी लागली, त्यावर आज थोडं लिहितो.

खान्देशात पाण्याची शिस्त जुनी. शेजारच्या धुळे जिल्ह्यात पांझरा नदीवर बंधारे बांधून फड पद्धत चालायची, ती तीनशे वर्षांपासूनची. पाणी पाटकरी वाटायचा, जागल्या राखण करायचा. एका फडात सगळ्यांचं एकच पीक, पुढच्या वर्षी तिथे दुसरं. पाळी आली तरच पाणी. आमच्या पारोळ्याकडे विहिरीवर मोट होती. बैल दमायचे, म्हणून माणूस वाफा मोजून भरायचा.

मग ऑइल इंजिन आलं, त्यामागे विजेची मोटर. कष्ट गेले, त्यासोबत मापही गेलं. त्यात वीज रात्री येणार, उद्याचा भरोसा नाही. म्हणून मिळालं तेवढं पाणी सोडून द्यायचं, गरज असो की नसो.

मीही तेच केलं. ठिबक घेण्याआधी काळ्या जमिनीत टमाटा लावला होता. झाडं दुपारी सुकायची, मी रोज सरी भरायचो. आठ दिवसांत पानं पिवळी पडली. काकांनी एक झाड उपटून दाखवलं आणि म्हणाले, "पानी जास्ती व्हयी गये रे भो, मुया सडी ग्यात." मुळालाही हवा लागते. काळी माती पाण्याने गच्च भरली की हवा संपते, मूळ काम सोडतं, आणि पाण्यात उभं असलेलं झाड तहानेने सुकतं.

ठिबक १९६० च्या दशकात इस्राएलमध्ये सिम्चा ब्लास यांच्या कामातून बाजारात आलं. १९८० च्या दशकात भवरलाल जैन यांनी ते जळगावात आणलं आणि आपल्या बांधापर्यंत पोचवलं. पण व्हॉल्व्ह उघडा ठेवून गावात गेलो, तर ठिबकनेही मुळं सडतात.

म्हणून बटण दाबण्याआधी हे बघा :

१) दुपारी सुकलेलं झाड संध्याकाळी ताठ झालं, तर तो उन्हाचा ताण आहे. घाबरून पाणी देऊ नका.

२) मुळाजवळ वीतभर उकरून माती मुठीत दाबा. चिकट गोळा झाला तर पाणी थांबवा. माती भुरभुरीत असेल तर द्या.

३) हिरवंगार झाड एकदम कोलमडलं, तर खोडाचा तुकडा कापून स्वच्छ पाण्याच्या ग्लासात धरा. दुधासारखी धार निघाली तर जिवाणूजन्य मर.

४) खालची पानं एका बाजूने पिवळी आणि खोड उभं चिरल्यावर आत तपकिरी रेघ दिसली, तर बुरशीची मर (फ्युजारियम).

मर लागलेलं झाड पाण्याने उठत नाही. उलट पाटाचं पाणी रोग पुढच्या झाडांपर्यंत नेतं. ते झाड उपटून शेताबाहेर न्या. त्या जागी लगेच मिरची, वांगी, बटाटा नको. ज्वारी किंवा मका घ्या.

एकदा कोरडं ठेवून मग भरपूर पाणी दिलं, तर फळं तडकतात आणि फळाच्या बुडाला काळा डाग पडतो. थोडं द्या, पण नेमाने द्या.

पाण्याची पाळी आणि पिकाची फेरपालट, दोन्ही गोष्टी फडाच्या जुन्या माणसांना माहीत होत्या. आता पाटकरी नाही. आपल्या वावराचा पाटकरी आपल्यालाच व्हावं लागेल.