वेताळाची हजेरी

धुंडीसुत मालूने शके 1741 मध्ये, म्हणजे 1819 साली, पूर्ण केलेल्या ‘नवनाथ भक्तिसार’ ग्रंथात बारामल्हार अरण्यातील एका रात्रीची कथा आहे. देवळात मुक्कामास असलेल्या मच्छिंद्रनाथांस मध्यरात्री असंख्य दिवट्या हलताना दिसतात. ही भुतावळ होय, हे ओळखून ते स्पर्शास्त्राने तिला जागच्या जागी खिळवून टाकतात. आणि तिकडे वेताळाच्या दरबारी, नित्य मुजऱ्यास येणारी भुते आज गैरहजर का, याची चौकशी सुरू होते. भुतांनाही हजेरी द्यावी लागते, ही कल्पना ज्या समाजास सुचली, त्याने भयालाही एक कचेरी बहाल केली होती, असेच म्हटले पाहिजे.

अहमदनगर, म्हणजे आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यात या कचेरीचा एक मोठा चौथरा पाथर्डी तालुक्यातील मढी येथे, कानिफनाथांच्या समाधीपाशी आहे. होळीपासून भरणारी आणि रंगपंचमीस ऐन भरास येणारी तेथील यात्रा गाढवांच्या बाजारासाठी प्रसिद्ध असली, तरी ‘बाहेरचे’ झालेल्या माणसास नाथाच्या दारी आणण्याची चालही जुनीच आहे. भुतांचे ‘घरचे’ आणि ‘बाहेरचे’ असे दोन वर्ग लोकांनी पाडले: घरचे म्हणजे इच्छा अपुरी राहिलेले आपलेच आप्त, बाहेरचे म्हणजे हद्दीवरून आलेले परके. सोडमुंजीपूर्वीच गेलेला बटू पिंपळावरचा मुंजा होई, बाळंतपणात दगावलेली स्त्री हडळ होई. भूत उतरविणारा पंचाक्षरी ‘झाडा’ला, म्हणजे ज्याच्या अंगात भूत आले आहे त्या माणसाला, प्रथम नाव, मग गाव आणि अखेर मागणे विचारी. ही साक्षात फिर्यादीची जबानीच होती. उतारा म्हणजे तडजोडीचा मसुदा.

मात्र या कचेरीत झाडाच्या अंगावर जो मार बसे, तो भुताला नव्हे, दुखणाइतालाच लागे. आणि म्हणूनच 2013 साली महाराष्ट्राने जादूटोणाविरोधी कायदा करून भूत उतरविण्याच्या नावाखाली होणाऱ्या छळास गुन्हा ठरविले, हे योग्यच झाले.

पण जबानी घेण्याचे काम पुढे चित्रपटाने आपल्या शिरावर घेतले. इंडोनेशियात 1981 साली ‘सुंदेल बोलोंग’ या चित्रपटात सुझाना या नटीने पाठीस भोक असलेली, अत्याचाराचा सूड मागणारी स्त्री उभी केली. बाळंतपणात मेलेली कुंतिलानक ही तेथील आमची हडळच. आमच्याकडे 1993 च्या ‘झपाटलेला’ने भूत बाहुल्यात बसवून हशा पिकविला. ‘तुंबाड’ (2018) आणि ‘मुंज्या’ (2024) यांची भाषा हिंदी, पण त्यांची भुते कोकणच्या मातीतली. नारायण धारपांच्या कथेतून बीज घेतलेल्या ‘तुंबाड’मध्ये कणकेची बाहुली दाखवून हस्तर नावाच्या उपाशी दैवताकडून सुवर्णमुद्रा काढल्या जातात, आणि ‘मुंज्या’मध्ये मेलेला पोर लग्नाचा हट्ट सोडीत नाही. नुसत्या किंकाळ्यांवर बेतलेले चित्रपट लोक आठवड्यात विसरतात. ही भुते मात्र लक्षात राहतात, कारण त्यांस काहीतरी येणे आहे. भुताची भीती त्याच्या दातांत नव्हती, त्याच्या मागण्यात होती. ते मागणे पुष्कळदा रास्त असे, आणि ज्याच्याकडे ते मागितले जाई तो बहुधा घरचाच असे.