तिसरी तोफ

५ सप्टेंबर १७८१, संध्याकाळी ७. लाँग आयलंडच्या किनाऱ्यालगत इंग्रजी आरमाराने नांगर उचलले. जहाजांवर सुमारे १,७०० सैनिक होते आणि रोख होता समोरच्या कनेक्टिकटवर. अमेरिकेच्या तेरा बंडखोर वसाहतींतली ही एक लहानशी वसाहत. तिचे न्यू लंडन बंदर इंग्रजांच्या डोळ्यांत खुपत होते. तिथून निघणारी परवानाधारक खासगी लढाऊ गलबते त्यांची व्यापारी जहाजे धरून आणत, आणि त्याच उन्हाळ्यात मालाने ठासून भरलेले ‘हॅना’ जहाज या गलबतांच्या हाती लागले होते. वॉशिंग्टनची फौज दक्षिणेकडे निघाली होती, तिचे लक्ष वळवणे हाही हेतू होताच.

मोहिमेचा सरदार होता बेनेडिक्ट आर्नल्ड. वर्षापूर्वी इंग्रजांना फितूर झालेला हा सेनापती याच बंदराला येऊन मिळणाऱ्या टेम्स नदीच्या वरच्या अंगाला वीसेक किलोमीटरवर असलेल्या नॉर्विचमध्ये जन्मला होता. या किनाऱ्याची माहिती त्याला दुसऱ्या कुणाकडून घ्यावी लागली नाही.

रात्री १. आरमार बंदराच्या तोंडाशी आले आणि वारा एकाएकी उत्तरेकडून वाहू लागला. जहाजे बाहेरच अडकली. झोपलेल्या गावाला त्या वाऱ्याने आठ तास बहाल केले.

पहाट. टेम्स नदीच्या पूर्वेकडे ग्रोटनच्या टेकडीवर ग्रिझवल्ड किल्ला होता. तिथल्या पहारेकऱ्यांना शिडे दिसली. इशारतीची रीत पंचक्रोशीत सगळ्यांना ठाऊक होती: दोन तोफा म्हणजे गनीम आला, तीन तोफा म्हणजे आनंदाची बातमी, पकडलेले जहाज बंदरात आले. किल्ल्यावरून दोन तोफा उडाल्या. लगोलग समुद्रावरून तिसरी ऐकू आली. ती शत्रूने उडवली होती.

खेड्यापाड्यांतल्या शेतकरी शिलेदारांनी तीन आवाज मोजले. ज्यांनी बंदूक उचलून धावत सुटायचे, त्यातले कित्येक घरीच थांबले. पुढे जे घडले त्यातला मोठा वाटा मी या एका आवाजाला देतो.

सकाळी ९. वारा साधत जहाजे आत येऊ लागली. गावात पळापळ सुरू झाली. काही गलबते नदीतून वर निसटली.

सकाळी १०. सैन्य दोन्ही तीरांवर उतरले. आर्नल्ड पश्चिमेला, न्यू लंडनच्या बाजूला. लेफ्टनंट कर्नल एअर पूर्वेला, ग्रोटनच्या. पश्चिमेचा ट्रंबुल किल्ला मागून उघडाच होता. कॅप्टन शॅपलीच्या वीस-बावीस माणसांनी एक फैर झाडली, तोफांच्या कानांत खिळे ठोकले आणि होड्यांतून नदी ओलांडून ते ग्रिझवल्डवर गेले. आता तिथे कर्नल विल्यम लेडयार्डच्या हाताखाली सुमारे १६० माणसे होती: शेतकरी, खलाशी, कारागीर. कॅप्टन लेथमचा बारा वर्षांचा मुलगाही तोफांना दारू पुरवायला होता.

एअरने शरण येण्याचा निरोप धाडला. लेडयार्डने नकार दिला. कुमक येईल, असा शब्द त्याला मिळाला होता. पुन्हा निरोप आला, पुन्हा नकार गेला. कुमक आलीच नाही.

दुपारी १२ च्या सुमारास. पलीकडच्या तीरावर आर्नल्ड उंचावर चढला. ग्रिझवल्ड आपल्याला सांगितला गेला त्याहून कितीतरी भक्कम आहे आणि ज्या गलबतांसाठी तो घ्यायचा ती तर निसटली आहेत, हे त्याच्या ध्यानात आले. त्याने हल्ला थांबवण्याचा हुकूम घेऊन अधिकारी पाठवला. अधिकारी पोहोचायला काही मिनिटे उशीर झाला, असे आर्नल्डच्याच अहवालात आहे. त्या मिनिटांपलीकडे जे मेले ते दोन्ही बाजूंचे, आणि सेनापतीच्याच हिशोबाने विनाकारण मेले.

चढाई सुमारे चाळीस मिनिटे चालली. एअर घायाळ होऊन पडला. मेजर माँटगोमेरी तटावर चढताना भाल्याने मारला गेला. तो भाला लेडयार्डच्या पदरी असलेल्या जॉर्डन फ्रीमन या कृष्णवर्णीय माणसाचा, असे परंपरा सांगते. फ्रीमनही त्या दिवशी पडला. अखेर दरवाजा उघडला आणि लेडयार्डने तलवार पुढे केली. त्याच तलवारीने त्याला भोसकले, असे वाचलेल्यांपैकी काही सांगत. त्याचे जपून ठेवलेले जाकीट पाहून संगिनीने भोसकले असावे असे म्हणणारेही आहेत. हत्यार खाली ठेवल्यावर तो मारला गेला, हे मात्र ग्रोटनचे लोक एकमुखाने सांगत आले. बंदुका टाकलेल्यांवरही गोळ्या आणि संगिनी चालत राहिल्या. ऐंशीहून अधिक बचावकर्ते मेले. इंग्रजांचे ४८ मेले, १४५ जखमी झाले.

दुपार. पश्चिम तीरावर वखारी पेटल्या, मग घरे. एका जहाजातली बंदुकीची दारू फुटल्याने आग पसरली, अशी सफाई आर्नल्डने दिली. १४३ इमारती गेल्या, त्यांत ६५ राहती घरे.

संध्याकाळ. जखमी कैद्यांना गाड्यात घालून टेकडीवरून खाली नेताना गाडा हातातून सुटला, वेगाने उतरला आणि झाडावर आदळला. आतल्यांच्या किंकाळ्या दूरवर ऐकू गेल्या. त्यांना टेकडीखालच्या एबेनेझर एव्हरीच्या घरात टाकून सैन्य जहाजांवर परतले. जाताना किल्ल्याच्या दारूकोठारापर्यंत पेरलेल्या दारूची वात पेटवली होती. मागाहून आलेल्या लोकांनी ती विझवली.

त्या घरात पाणी द्यायलाही माणसे पुरत नव्हती. एव्हरी घराण्याचेच नऊ जण त्या दिवशी गेले होते.

७ सप्टेंबर, पहाट. लेडयार्डची पुतणी फॅनी गरम चॉकलेट आणि पाणी घेऊन एव्हरीच्या घराशी आली. जमिनीवर पडलेल्यांपैकी जो शुद्धीत होता त्याच्या ओठांना ती भांडे लावत गेली. तेवढ्यात बाकीच्या बायका वर किल्ल्याकडे निघाल्या, आपापली माणसे ओळखायला.